पाचवा घाणा

४ मार्च

ताई,

तुझा पत्ता सुताच्या गाडीवाल्याकडून मिळाला. त्याला दोष देऊ नकोस. तीन आठवडे मी त्याच्या मागे लागले होते. शेवटी तो म्हणाला, "घे बाई, पण मी दिला म्हणू नकोस." म्हणजे हे मी लिहायला नको होतं. पण पत्ता कुठून मिळाला ते लपवून पत्र लिहिणं म्हणजे कुणाच्या घरात मागच्या दाराने शिरणं वाटलं, म्हणून लिहिलं. तू त्याला काही बोलू नकोस.

बाबांचा नियम तुला आठवत असेल. एका पत्रात एकच काम. आपल्याला शाळेत घालण्याआधी त्यांनी गिऱ्हाइकांची पत्रं लिहायला लावून अक्षरं शिकवली, तेव्हापासून तो माझ्या हाडात मुरला आहे. माल पाठवल्याचं पत्र वेगळं, उशिराबद्दल माफीचं वेगळं. "दोन कामं एकत्र घातली की वाचणारा सोयीचं तेवढंच वाचतो." तर या पत्राचं काम असं, की बाबांची नजर गेली आहे.

सगळी नाही. माणसं दिसतात, दार दिसतं, चहाचा कप हाताला बरोबर सापडतो. रंग गेले आहेत. मागच्या महिन्यात त्यांनी राखाडी लड्यांच्या ढिगात एक निळी लडी ठेवली. मी ती गुपचूप उचलून जागेवर ठेवली. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. तिसऱ्या दिवशी त्यांनी विचारलं, "काल निळी लडी कुठं होती?" मी म्हटलं, "जागेवर." मी ठेवल्यानंतरचं विचारलं असेल, तर ते खरंच होतं.

आत्याला सांगितलं तर ती म्हणाली, "साठी उलटल्यावर कुणाचे डोळे तरणे राहतात? मला सुईचं नेढं दिसत नाही. शेजारीण पदराआड काय नेतेय ते मात्र दिसतं. लागेल तेवढं दिसतं माणसाला." ती अजून आईच्या कपाटाची किल्ली कमरेला लावते आणि दिवसातून दोनदा हरवते.

गिऱ्हाइकांना काही माहीत नाही. भट्टीवाल्या काकांना माहीत आहे, पण ते माहीत नसल्यासारखे वागतात. नमुन्याला सुताचा, कापडाचा रंग जुळवायचं काम सहा महिने मीच करते. सगळे म्हणतात, धाकटीत बाबांचा डोळा उतरला. त्याबद्दल मी या पत्रात लिहिणार नाही.

उत्तर नाही दिलंस तरी चालेल. म्हणजे चालणार नाही, पण तक्रार करणार नाही.

धाकटी

११ मार्च

ताई,

तुझी चिठ्ठी आली. दोन ओळी. "बाबांना डोळ्यांच्या डॉक्टरांकडे ने. बाकीचं मला कळवत जाऊ नकोस." पहिली ओळ पाळली. दुसरी मोडते आहे.

पाकिटावर छापखान्याचा शिक्का होता. तिथे शाई कालवतेस का? नाही, हे विचारायचं नव्हतं.

डॉक्टरीणबाईंनी बाबांना भिंतीवरच्या तक्त्यावरची अक्षरं वाचायला सांगितली. त्यांनी घडाघडा वाचली. बाई म्हणाल्या, "आजोबा, तक्ता मी आत्ताच बदलला." बाहेरच्या बाकावर बसून त्यांनी आधीच्या माणसाचं वाचणं ऐकून पाठ केलं होतं. डोळ्यामागची नस सुकते आहे म्हणाल्या. गेलं ते परत येणार नाही, आहे ते थेंबांनी टिकेल. घरी येताना बाबा म्हणाले, "पोरगी हुशार आहे. तक्ता बदलला."

नाट्यगृहाचे व्यवस्थापक परवा आले होते. तेच, वाकडा चष्मावाले. त्यांना पाहताच मी हात पुसायला मागे गेले, हात कोरडे असताना.

"पडद्याच्या खालच्या भागाला ओल चढली," ते म्हणाले. "वरचा चांगला आहे. अख्खा पडदा नवा कोण करतंय? खालचे तीन हात नवीन रंगवून द्या. पण जोड दिसता कामा नये."

बाबा म्हणाले, "मागच्या वेळी पट्टा दिसला होता."

"चार वर्षं तो पट्टा आम्ही घडीत लपवतोय. तरी आधी तुमच्याकडेच आलो. बाकीचे म्हणतात, विटलेल्या जुन्याला नवा रंग जुळवणं आपलं काम नाही." मग त्यांनी आवाज खाली घेतला. "मागच्या वेळच्या बाई नाहीत ना आता?"

"नाहीत," बाबा म्हणाले. "आता ही आहे. हिच्या हातून चूक होत नाही."

मी कप उचलून आत गेले. कप भरलेले होते.

त्यांनी पडद्याचा हातभर तुकडा कापून दिला आहे. तोच गडद डाळिंबी. वीस दिवसांची मुदत आहे. बाबा म्हणतात, हे काम साधलं की दारावरच्या पाटीवर माझं नाव घालायचं. रंगाऱ्याला पाटीचं सांगूनही ठेवलं आहे. रंगाऱ्याच्या पाटीला दुसरा रंगारी, यावर ते दोघं पुष्कळ हसले.

धाकटी

१५ मार्च

ताई,

मणी माझ्याकडे आहे.

हे वाक्य बरोबर नाही. मणी मी वापरते.

तुला तो एकदाच माहीत आहे. आजोबांना तळच्या हौदाचा गाळ काढताना सापडलेला, शर्टाच्या गुंडीएवढा, राखी, भोक नसलेला. जिभेखाली धरायचा. तू दहा वर्षांची असताना धरलास आणि लगेच हातावर थुंकून टाकलास. म्हणालीस, "मला एकेक करूनच बघू दे बाई." बाबांनी तो गुंड्यांच्या डब्यात टाकला आणि डबा मापाच्या कपाटात वर ठेवला. शेवटी शेवटी आजोबा ऊन पडलं की कान झाकायचे आणि कुणी शिंकलं की डोळे मिटून घ्यायचे, हे बाबांनी आपल्याला भीती घालायला सांगितलं नव्हतं. ते खरंच होतं. आता मला ठाऊक आहे.

मणी धरला की सगळं आधी मोठं होतं. मग एकमेकांत मिसळतं. गडद निळा रिकाम्या पिंपावर तळहात मारल्यासारखा घुमतो. पिवळा जिभेच्या टोकाला टोचतो. तुरटीचा वास कोपरात जाणवतो, डाव्या. आत्या बोलते तेव्हा तिच्या शब्दांच्या कडेने नारिंगी शिवण जाते, आणि ती रागावली की टाके मोठे होतात. हे वाचून तुला हसू येईल. मलाही पहिल्यांदा यायचं.

रंग जुळवायला याच्यासारखं काही नाही. नमुना आणि नवा तुकडा शेजारी ठेवायचे. फरक असला की दोन ताटांचा आवाज एकमेकांत अडकून थरथरतो तसं होतं. जुळले की थरथर थांबते. सहा महिन्यांत एकही तुकडा परत आला नाही. बाबांचा डोळा वगैरे काही उतरलेलं नाही माझ्यात. लोक कौतुक करतात तेव्हा त्या कौतुकाला साबणाची चव असते. मी ते गिळते.

पण हल्ली मणी काढला तरी ते जात नाही. आधी तासभर राहायचं, मग दिवसभर. आता चार दिवस मणी डब्यात आहे आणि घड्याळाच्या प्रत्येक ठोक्याला माझ्या जिभेवर मिठाचा खडा पडतो आहे. मी घड्याळ उचलून स्वयंपाकघरात ठेवलं. आत्या म्हणाली, "वेळ काय आता पातेल्यात शिजवायची आहे?" मी म्हटलं, लंबक अडकतोय, भिंत ओली आहे. भिंत ओली आहे हे खरं आहे. लंबक अडकत नाही.

पडद्याचा तुकडा चार वेळा घेऊन बसले. त्याच्यात रंग आहे, पण रंगाबरोबर ओलीचा वास आहे, दिव्यांची उष्णता आहे, टाळ्या आहेत, घामेजलेल्या माणसांचे पाठीमागून घासलेले खांदे आहेत. सगळं मिळून एकच आवाज येतो. त्यातून रंग तेवढा सोडवून काढता येत नाही. मी तीन तुकडे रंगवले. तिन्ही त्या आवाजाला जुळले, आणि भट्टीवाल्या काकांनी तिन्हींकडे बघून विचारलं, "हे कशाचे नमुने आहेत?"

तू असतीस तर शिवणीत दुमडलेला भाग उलगडून, दाराशी उभी राहून नुसतं बघितलं असतंस. मला तुझं उभं राहणं आठवतं. एका पायावर भार, दुसऱ्या पायाने चप्पल शोधत.

यात दोन कामं झाली. माफ कर.

धाकटी

१६ मार्च

ताई,

कालच्या पत्रात एक गोष्ट राहिली. मणी मी सहा महिने वापरते असं तुला वाटलं असेल. तसं मी कुठं लिहिलेलं नाही, पण तसंच वाटावं असं लिहिलं आहे.

पहिल्यांदा तो मी चार वर्षांपूर्वी घेतला.

आता पिळायच्या कामाला हाक मारत आहेत. पुढचं उद्या लिहिते.

धाकटी

२० मार्च

ताई,

उद्या म्हटलं होतं, चार दिवस गेले. कामाला हाक मारली होती ही गोष्ट खरी आहे. पण त्या दिवशी हाक मारली नसती तरी मी उठले असते.

आता क्रमाने लिहिते.

पडद्याच्या कापडाचे नऊ घाणे होते. चार निघाले, वाळले, एकासारखे एक. पाचवा हौदात होता. तू जेवायला गेलीस आणि म्हणालीस, "नुसती ढवळ. हात लावू नकोस, बुद्धी लावू नकोस." मी ढवळत होते. मणी जिभेखाली होता. सकाळी डब्यातून काढला होता. तुझ्यासारखा डोळा आपल्याला नाही, निदान मणी तरी, असं वाटून. मी सोळा वर्षांची होते, हे कारण म्हणून लिहीत नाही.

हौदातला रंग मला ऐकू येत होता आणि त्यात एक बारीक शिट्टी होती, किटली उकळायच्या आधी येते तशी. ती मला सहन होईना. मला वाटलं, घाणा बिघडतोय आणि ते फक्त मला कळतंय. मी काळ्या बाटलीतलं, रंग फिरवणारं लोखंडाचं पाणी ओतलं. शिट्टी थांबली. ताई, इतका सुरेल रंग मी कधी ऐकला नव्हता. मला रडू आलं.

ती शिट्टी वाफेची होती. आता समजतं. वाफ, लाकडाचा धूर, माझी भूक, ओलं कापड, सगळ्याचा मिळून तो आवाज होता, आणि तो सगळा मी एका कापडात सुरात लावायला गेले. ओल्या रंगावर भरवसा ठेवायचा नाही हे आपल्याला चालायला यायच्या आधी शिकवलं होतं. मी ओल्यावर ठेवला. कापड वाळलं तेव्हा त्यात विटकरी झाक आली, आणि मला ती दिसलीही नाही. मला अजून गाणंच ऐकू येत होतं.

नऊही घाणे अंगणात शेजारी पसरले आणि व्यवस्थापक माल बघायला आले, तेव्हा पट्टा उघडा पडला. पुढचं तू पाहिलंस. पण एक गोष्ट तू ऐकली नाहीस, कारण तेव्हा तू अंगणात पडद्याचं कापड उलटसुलट करत होतीस. बाबांनी मला विचारलं, "ताईनं यात काय टाकलं?" मी म्हटलं, "मी पाहिलं नाही."

यातला प्रत्येक शब्द खरा आहे. मी चार वर्षं तो तपासते आहे. तू काही टाकलं नव्हतंस, म्हणून मी पाहिलं नव्हतं. आणि बाबा म्हणाले, "धाकटी खोटं बोलत नाही. तिला जमतच नाही." मग ते अंगणात आले आणि तिघा कामगारांसमोर, व्यवस्थापकांसमोर तुला म्हणाले की तुला डोळे नाहीत. इथं आंधळ्याचं काम नाही, जा. तू माझ्याकडे पाहिलंस. मी खाली पाहिलं. तू ट्रंक घेऊन निघालीस तेव्हा तुझ्या चपलेचा अंगठा तुटला होता आणि तू तो शिवायला थांबली नाहीस.

बाबांना मी अजून सांगितलेलं नाही. आधी त्यांना सांगावं आणि मग तुला, की आधी तुला, यावर दोन दिवस घालवले. मग लक्षात आलं की हा विचारही मला उशीर करायला सोयीचाच आहे. म्हणून तुला आधी, कारण पत्रात तोंड दिसत नाही.

माफ कर असं लिहीत नाही. ते काही माझ्या पत्राचं काम नव्हे. ते झालं तर तुझ्या पत्राचं.

धाकटी

२४ मार्च

ताई,

काल सांगितलं. दुपारच्या जेवणाला सगळे बसले होते तेव्हा, कारण तुला ते सगळ्यांसमोर बोलले होते.

मी उभी होते. म्हटलं, "बाबा, नाट्यगृहाच्या पाचव्या घाण्यात लोखंडाचं पाणी मी टाकलं होतं. ताईनं नाही."

पिळणारे दोघं भाऊ खातच राहिले. भट्टीवाले काका थांबले.

बाबांनी विचारलं, "किती?"

"अर्धी वाटी."

"अर्ध्या वाटीनं एवढी झाक येत नाही."

"तुरटीची वाटी होती. मोठी."

त्यांनी मनात हिशोब केला. मला तो चेहऱ्यावर दिसत होता. "मग येते," ते म्हणाले. आणि नंतर कुठं त्यांच्या हातातला घास खाली गेला.

"मी तुला विचारलं होतं."

"तुम्ही विचारलंत ताईनं काय टाकलं. मी म्हटलं, मी पाहिलं नाही."

"म्हणजे मला शब्दात पकडलंस."

दारातून आत्या म्हणाली, "शब्द तोलायला कुणी शिकवलं तिला? लहानपणी पत्रं कुणी लिहून घेतली? आता तराजू घरात आहे म्हटल्यावर घरातलंच तोललं जाणार."

"तू गप्प बस."

"मी चार वर्षं गप्पच होते. थोरली गेली त्या दिवशी मी म्हटलं होतं, ती पोरगी मिठाच्या दोन बरण्यांतला फरक सांगते, तिला डोळे नाहीत कसे? तेव्हाही तू हेच म्हणालास."

बाबांनी हात धुतले. नमुनावही मागवली. ते पान काढायला सांगितलं. नऊ चिंध्या, नऊ आकडे, तुझ्या अक्षरात. "चौथा आणि पाचवा. फरक मला सांग. मला दिसत नाही."

मी पाहिलं. ताई, मला दोन चिंध्या दिसल्या. एकीतून घुमणारा आवाज येत होता, दुसरीतून जरा खालचा, आणि मागे आत्याची नारिंगी शिवण, आणि काकांच्या विडीचा हिरवट चट्टा. मी म्हटलं, "पाचवा तांबूस असावा." असावा म्हटलं. तो विटकरी आहे हे मला ठाऊक आहे, दिसत नव्हतं.

"सहा महिने तू काय करत होतीस मग?"

तेव्हा मण्याचंही सांगितलं. काका उठून भट्टीकडे गेले. ते बरं झालं, कारण बाबांचा चेहरा कुणी पाहू नये असा होता. रागाचा नव्हता. चालता चालता पायरी आहे असं समजून पाऊल टाकावं आणि पायरी नसावी, तसा होता.

"आण," ते म्हणाले.

"काय?"

"मणी आण."

"आजोबांचं काय झालं ते तुम्हीच सांगायचात."

"त्यांचे डोळे शाबूत होते. त्यांच्याकडे घालवायला होतं. माझं जायचं ते गेलंय."

मी नाही म्हणायला हवं होतं. पण नुकतंच मी त्यांच्याकडून दोन मुली घेतल्या होत्या, एक जी चूक करते ती आणि एक जी करत नाही ती. मला तिसरी गोष्ट नाकारता आली नाही. मी डबा आणला. त्यांनी गुंड्या चाचपून मणी काढला, सदऱ्याला पुसला आणि तोंडात टाकला.

बराच वेळ काही झालं नाही. मग ते उठले आणि वाळत घातलेल्या लड्यांच्या रांगेतून चालू लागले, एकेका लडीला हात लावत. निळ्यांपाशी थांबले. तिथं त्यांनी नाक शिंकरलं आणि पुन्हा तेवढ्यातून चालत आले. मग वहीवर वाकले. मणी गालात सरकवून, बोबडं बोलत म्हणाले, "पाचवा जास्त गोड आहे."

"हो."

"बाकी आठांपेक्षा गोड. तू खोटं ऐकलं नव्हतंस." आणि मग, "पण पडद्याला कुणी कान लावत नाही."

मणी त्यांनी काढला नाही. जेवणापुरता सोडला तर अजून काढलेला नाही.

धाकटी

३० मार्च

ताई,

तुझं उत्तर नाही. मी रोज पोस्टमनला विचारत नाही. एक दिवसाआड विचारते.

सात दिवस बाबांच्या तोंडात मणी होता. जेवताना तेवढा काढायचे, वाटीत ठेवायचे आणि डोळा वाटीवर. त्यांना रंग परत मिळाले होते. सकाळी उठून ते लड्यांमधून फिरायचे, आणि बोलत नव्हते, कारण जिभेखाली मणी असताना शब्द नीट येत नाहीत. आत्या म्हणाली, "घरात इतकी शांतता त्याच्या लग्नाआधी होती." पण ती चिडवत नव्हती. काल दुपारी त्यांनी उन्हाच्या पट्ट्याकडे पाठ करून कान झाकले, तेव्हा तिने त्यांच्या डोक्यावर स्वतःची शाल टाकली आणि मला म्हणाली, "तू दिलास, तूच काढ."

मी कसा काढणार होते? मी तीन वेळा त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिले. तीनही वेळा ते निळ्या लडीला हात लावून बसले होते.

आज सकाळी व्यवस्थापक आले. मुदत संपली होती. मी पुढे झाले आणि म्हटलं, "काम झालेलं नाही. मला जमत नाही." ते बाबांकडे वळले. "काय हो, तुम्ही तर म्हणाला होतात, हिच्या हातून चूक होत नाही."

बाबा काहीतरी बोलले. कुणालाच कळलं नाही. त्यांनी पुन्हा प्रयत्न केला. व्यवस्थापक म्हणाले, "काय? काय म्हणता?" भट्टीवाले काका आणि पिळणारे दोघं भाऊही जवळ आले. बाबांनी इकडेतिकडे पाहिलं. मग त्यांनी मणी काढून चहाच्या बशीत ठेवला, लहान मुलं चिंचोका ठेवतात तसा, आणि खणखणीत बोलले.

"मागच्या वेळी चूक थोरलीची नव्हती. मी तिला म्हणालो होतो, तुला डोळे नाहीत. तेव्हा हे तिघं इथं होते आणि तुम्ही होतात. म्हणून तुम्हा चौघांनाच सांगतोय. या घरात डोळे तिलाच होते. मी कान धाकटीला लावला आणि बघायचं विसरलो."

व्यवस्थापकांनी चष्मा सरळ केला, तो पुन्हा वाकडा झाला. "मग त्या कुठं आहेत?" त्यांनी विचारलं. साधंच विचारलं.

ते जाताना म्हणाले, आणखी पंधरा दिवस पडदा घडीत लपवू.

बशी मी उचलली. मणी डब्यात आहे, डबा कपाटात. बाबांनी आज दिवसभर मागितलेला नाही. उद्या मागतील का ते मला माहीत नाही. मागितलाच तर मी देणार नाही, असं ठरवलं आहे, आणि ठरवलेलं मी पाळतेच असं नाही, हे तुला आता माहीत आहे. संध्याकाळी थेंब घालताना ते म्हणाले, "निळा ऐकला ना मी सात दिवस. पुष्कळ झाला."

मी बाबांना विचारलं, ताईला ये म्हणून लिहू का. ते म्हणाले, "तू लिहू नकोस. जा मी म्हटलं होतं. ये मीच म्हणेन, पण तिला ते ऐकायचंय का हे आधी तिला ठरवू दे." म्हणून ये असं लिहीत नाही.

आता या पत्राचं काम. सोबत दोन तुकडे आहेत. गाठ मारलेला जुन्या पडद्याचा आहे, विटलेल्या भागातला. बिनगाठीचा माझा. मणी सोडून मला एकोणीस दिवस झाले. घड्याळाला अजून किंचित मिठाची चव आहे, पण पाहिलेलं पुष्कळसं नुसतं दिसतं. या आठवड्यात नुसत्या डोळ्यांनी सहा तुकडे रंगवले. पाच काकांनी हातात न घेताच नाकारले. हा सहावा. मला दोन्ही सारखे दिसतात. आत्या म्हणते, सारखे नाहीत, एक सख्खा आहे आणि एक चुलत. कुठं फरक आहे विचारलं तर म्हणते, "ते मला काय विचारतेस, मी काय रंगारीण आहे?"

छापखान्यात खिडकी असेल. सकाळी बघ, शाई हाताला लागायच्या आधी. माझ्या तुकड्यात काय जास्त आहे आणि काय कमी, तेवढं लिही. दुसरं काही लिहू नकोस. एक शब्द पुरे.

तिकीट लावलेलं पाकीट आत ठेवलं आहे. त्यावर आपला पत्ता लिहायला घेतला, मग राहू दिलं. तो तुला पाठ आहे.

धाकटी